जव्हार-मोखाडा परिसरातील आजी-नातवंडांमधील भाषिक व सांस्कृतिक अंतर : एक चिकित्सक आकलन

बीजशब्द : आदिवासी बोली, आश्रमशाळा, स्थलांतर, मौखिक परंपरा, प्रमाण मराठी

प्रस्तावना :

स्थलांतरित कुटुंबांतील आजी-आजोबा आणि नातवंडे यांच्यातील भाषिक दुरावा हा विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून जागतिक साहित्यात वारंवार हाताळला गेलेला विषय होय. परदेशी स्थायिक झालेल्या मुलाकडे राहावयास गेलेली आजी, तिच्या कानांवरून निघून जाणारी नातवंडांची इंग्रजी आणि नातवंडांना केवळ गमतीचे वाटणारे तिचे सणवार, हे चित्र मराठी वाचकालाही अमेरिकास्थित मराठी कुटुंबांच्या लेखनातून परिचयाचे झाले आहे. या विषयाच्या चर्चेत एक गोष्ट बहुधा गृहीत धरलेली असते. ती ही, की दोन पिढ्यांत असे अंतर पडावयाचे तर कोणीतरी समुद्र किंवा निदान राज्याची सीमा ओलांडलेली असली पाहिजे. पालघर जिल्ह्यातील जव्हार व मोखाडा हे तालुके समोर ठेवले असता हे गृहीतक टिकत नाही. येथे आजी ज्या पाड्यावर लग्न होऊन आली त्याच पाड्यावर आहे, नातूही त्याच तालुक्यात शिकतो आहे. तरीही दोघांच्या बोलण्यात पडलेली फट न्यू जर्सीतील आजी-नातवाच्या फटीहून लहान म्हणता येणार नाही. प्रस्तुत लेखात या अंतराचे स्वरूप, त्याची कारणे आणि साहित्याने व अभ्यासकांनी त्याचे केलेले आकलन यांचा चिकित्सक विचार केला आहे.

दि. १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाणे जिल्ह्याचे विभाजन होऊन पालघर जिल्हा अस्तित्वात आला. त्यातील जव्हार हे पूर्वीचे मुकणे घराण्याचे संस्थान, १९४८ मध्ये विलीन झालेले. जव्हार व मोखाडा या दोन्ही तालुक्यांत सुमारे नऊदशांश लोकसंख्या अनुसूचित जमातींची असून वारली, कोकणा, महादेव कोळी, मल्हार कोळी, ठाकूर व कातकरी या जमाती येथे प्रामुख्याने आढळतात. वारली आणि कोकणा यांच्या स्वतंत्र बोली आहेत. जॉर्ज ग्रिअर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाचा मराठीविषयक सातवा खंड १९०५ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यात वारलीची नोंद आहे. भारतीय भाषांच्या लोकसर्वेक्षणाच्या महाराष्ट्र खंडातही (२०१३) आदिवासी बोलींना जागा मिळाली. नोंदींची उणीव आहे असे म्हणता येत नाही. जाता जाता एक लक्षात घेण्यासारखे आहे : ग्रिअर्सन यांनी देशभरच्या बोलींचे नमुने जमविण्यासाठी जी कथा निवडली ती बायबलातील उधळ्या पुत्राची, म्हणजे घर सोडून गेलेला आणि परत आल्यावर बापाने ओळखलेला मुलगा! बाप आणि मुलगा यांची भाषा एकच राहिली आहे, हे त्या कथेचे गृहीत आहे.

स्थलांतर कोणाचे?

जव्हार-मोखाड्यातील स्थलांतर म्हटले की हंगामी मजुरीचे स्थलांतर डोळ्यांसमोर येते. वरकस जमीन, एकाच पावसाळी पिकावर चालणारी शेती आणि पाऊस सरल्यावर रोजगाराचा अभाव यांमुळे दसरा-दिवाळीनंतर असंख्य कुटुंबे भिवंडी, वसई, वाडा, शहापूर या बाजूंना वीटभट्ट्यांवर, रेती व बांधकामाच्या कामांवर जातात. कोणी होळीला परततात, कोणी पावसाच्या तोंडाशी. भट्टीवरच्या तात्पुरत्या झोपडीला 'भोंगा' म्हणतात, त्यावरून १९९० च्या दशकात तेथील मुलांसाठी चाललेल्या शाळांना 'भोंगाशाळा' हे नाव पडले. या काळात पाड्यावर मागे उरतात ती म्हातारी माणसे आणि काही घरांत त्यांच्या स्वाधीन केलेली नातवंडे. हे स्थलांतर दुःखद असले तरी भाषेच्या दृष्टीने ते आजीला नातवंडाच्या जवळच आणते. आईबाप भट्टीवर असताना आजीच्या चुलीपाशी वाढलेले मूल तिची बोली उत्तम बोलते, हे कोणत्याही प्राथमिक शिक्षकाला ठाऊक असते.

खरे स्थलांतर वयाच्या सहाव्या वर्षी घडते आणि ते नातवाचे असते. मूल आश्रमशाळेत दाखल होते. १९७० च्या दशकापासून विस्तारलेल्या शासकीय व अनुदानित आश्रमशाळांनी या भागातील शिक्षणाचा पाया घातला, हे निर्विवाद आहे. त्या नसत्या तर आज जव्हारच्या महाविद्यालयांत शिकणारी पहिली-दुसरी पिढी दिसली नसती. तथापि या शाळांची रचना निवासी आहे. मूल वर्षातील बहुतांश दिवस घराबाहेर, प्रमाण मराठीच्या परिसरात आणि समवयस्कांच्या सहवासात राहते. त्या परिसरात म्हातारे माणूसच नसते. वारली, कोकणा, कातकरी अशी निरनिराळ्या घरांतील मुले एकत्र आल्यावर त्यांच्यात एक मिश्र मराठी तयार होते. ती शिक्षकांची मराठी नसते आणि आजीचीही नसते. पुढे नामांकित इंग्रजी माध्यमाच्या निवासी शाळांची योजना आल्यावर काही मुले तर जिल्ह्याबाहेरच गेली. अशा रीतीने आजी एक पाऊलही न हलता परकी होते. अमेरिकेतील आजीला निदान आपण परक्या देशात आलो आहोत याची जाणीव असते आणि परत जाण्यासाठी एक गाव शिल्लक असते. मोखाड्याच्या म्हातारीला परतण्यासाठी दुसरे गाव नाही.

'तू', नाव आणि खावटी :

या अंतराचे वर्णन सामान्यतः शब्दसंपत्तीच्या भाषेत केले जाते. मुलांना बोलीतील शब्द येत नाहीत, म्हणून शब्दसंग्रह करावेत, द्विभाषिक कोश वर्गात द्यावेत, असा उपाय सुचविला जातो. राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० मध्ये किमान पाचवीपर्यंत मातृभाषेतून शिक्षणाचा आग्रह धरल्यापासून या सूचनेला बळ आले आहे. उपाय अनाठायी नाही, परंतु तो दुखण्याच्या वरच्या थरालाच स्पर्श करतो. ज्या ठिकाणी आजी व नातू खरोखर दुरावतात तेथे शब्द बहुधा दोघांनाही ठाऊक असतो.

सर्वांत साधे उदाहरण 'तू' या सर्वनामाचे. वारली बोलीत वडीलधाऱ्यांनाही एकवचनीच संबोधले जाते, आदरार्थी बहुवचनाचा आग्रह नसतो. आदर हा क्रियापदाच्या रूपात नसून वागण्यात असतो. शाळेत मात्र मुलाला पहिल्याच वर्षी शिकविले जाते की मोठ्यांना 'तुम्ही' म्हणावे, 'तू' म्हणणे असभ्यपणाचे आहे. मूल हे शिकते आणि सुट्टीत घरी येऊन आजीला 'तुम्ही' म्हणू लागते. शिक्षकाच्या दृष्टीने हे संस्काराचे फळ. आजीच्या दृष्टीने हा शब्द तलाठी, फॉरेस्टवाले, दुकानदार यांच्याशी बोलताना वापरावयाचा. तो नातवाच्या तोंडून येताच नातू त्या रांगेत जाऊन उभा राहतो. 'डोकरी' व 'डोकरा' या शब्दांचीही तीच गत आहे. बोलीत ते वृद्ध स्त्रीपुरुषांसाठीचे साधे, रोजचे शब्द आहेत. प्रमाण मराठीत 'डोकरा' म्हटले की त्यात हेटाळणी येते. शाळेत शिकलेला मुलगा आपल्या आजीसाठी घरात सहज वापरला जाणारा शब्द चारचौघांत उच्चारावयास लाजतो आणि या लाजेचे कारण त्याच्या आजीला कधीही कळत नाही.

नावाचा प्रश्न याहून गंभीर आहे. मुलाचा जन्म ज्या वारी झाला त्यावरून सोम्या, मंगळ्या, बुध्या, शुक्र्या अशी नावे ठेवण्याची रीत या भागात होती व काही घरांत आजही आहे. शाळेच्या हजेरीपटावर ही नावे बदलली गेली. कधी शिक्षकाने चांगल्या हेतूने बदलली, कधी पालकांनीच शहरातील नाव सुचविले. येथे झुम्पा लाहिरी यांच्या 'द नेमसेक' (२००३) या कादंबरीची आठवण होणे अपरिहार्य आहे. त्या कादंबरीत अमेरिकेत जन्मलेल्या मुलाचे नाव त्याच्या पणजीने कोलकात्याहून पत्रात लिहून पाठविलेले असते, ते पत्र पोहोचतच नाही आणि मूल तात्पुरत्या नावाने वाढते. घरचे नाव आणि बाहेरचे नाव यांच्या ओढाताणीत त्याचे सारे तारुण्य जाते. बंगाली कुटुंबांत दोन नावांची रीत पूर्वापार आहे, त्यामुळे लाहिरींना त्या ओढाताणीसाठी एक तयार सांस्कृतिक चौकट मिळाली. टपालात हरवलेले पत्र ही त्या कादंबरीतील सर्वांत प्रभावी कल्पना होय, कारण तीत कोणाचाच दोष नसतो. जव्हारमध्ये पत्र हरवत नाही. म्हातारीने ठेवलेले नाव शाळेच्या दारापर्यंत व्यवस्थित पोहोचते आणि तेथे ते खोडले जाते. लाहिरींच्या नायकाला आपल्या पणजीने कोणते नाव ठेवले होते हे कधीच कळत नाही. आश्रमशाळेतील मुलाला ते ठाऊक असते आणि तो ते सांगत नाही. हरविण्याचे दुःख आणि लपविण्याचे दुःख ही दोन निराळी दुःखे आहेत. स्थलांतराच्या साहित्याने पहिल्याची जेवढी दखल घेतली तेवढी दुसऱ्याची घेतलेली नाही.

'खावटी' हा शब्द तर आजी आणि नातू दोघेही रोज उच्चारतात. आजीसाठी खावटी म्हणजे पावसाळ्यात कणगी रिकामी झाल्यावर सावकाराकडून आणलेले धान्य. ते सुगीत वाढीव मापाने फेडावे लागे आणि फिटले नाही तर घरातील एखादा माणूस त्याच्याकडे राबे. पुढे आदिवासी विकास महामंडळाने खावटी कर्ज योजना सुरू केली आणि कोविडच्या काळात, २०२०-२१ मध्ये, शासनाने प्रति कुटुंब ४,००० रुपयांचे खावटी अनुदान मंजूर केले, त्यातील निम्मे रोख व निम्मे वस्तुरूपात. नातवासाठी खावटी म्हणजे अर्ज, आधार क्रमांक, बँक खाते आणि यादीत नाव. शब्दकोशात दोन्ही अर्थ एकाखाली एक लिहिता येतील. परंतु 'खावटी आली का?' असे नातवाने विचारल्यावर म्हातारीच्या मनात जे दचकणे उमटते ते कोणत्या क्रमांकाच्या अर्थाखाली लिहावयाचे?

ली जोंग-ह्यांग या दिग्दर्शिकेच्या 'द वे होम' (२००२) या कोरियन चित्रपटात सोल शहरातून आलेला सात वर्षांचा मुलगा डोंगरातील आपल्या मुक्या आजीकडे केंटकी चिकनचा हट्ट धरतो. आजी खुणांनी समजून घेते, पावसात जाऊन कोंबडी आणते आणि ती उकडून त्याच्यापुढे ठेवते. मूल रडते. शब्द आजीपर्यंत पोहोचलेला असतो, वस्तूही बरोबर असते. पोहोचत नाही तो त्या पदार्थाभोवतीचा शहरी प्रसंग. आजी मुकी दाखविण्यात दिग्दर्शिकेची चतुराई आहे, कारण त्यामुळे भाषेचा प्रश्न बाजूला सरतो आणि उरलेले अंतर स्पष्ट दिसते.

लिहिलेला चौक आणि काढलेले चित्र :

वारली चित्रकलेच्या बाबतीत हे अंतर जेवढे उघड होते तेवढे अन्यत्र क्वचितच. लग्नाच्या वेळी गेरूने सारवलेल्या भिंतीवर सवाशिणी तांदळाच्या पिठाने चौक काढतात, त्यात पालघट देवी असते. या क्रियेसाठी वारली स्त्रिया 'लिहिणे' हे क्रियापद वापरतात, चौक लिहिला जातो. धवलेरी, म्हणजे लग्नविधी चालविणारी स्त्री, त्या वेळी गाते. देवीला बोलावण्याचे काम त्या गाण्याचे असते, रेषांचे एकटीचे नव्हे. चौक, गाणे आणि लग्नघर हे एकच विधान आहे. १९७० च्या दशकाच्या प्रारंभी भास्कर कुलकर्णी यांच्या प्रयत्नांतून ही चित्रे कागदावर आली. डहाणू तालुक्यातील गंजाडचे जिव्या सोमा म्हसे (१९३४-२०१८) यांनी तिला जगभर नेले, त्यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली आणि २०१४ मध्ये वारली चित्रकलेला भौगोलिक निर्देशन प्राप्त झाले. म्हसे यांच्याविषयी असे सांगितले जाते की बालपणी आईच्या मृत्यूनंतर ते काही काळ बोलेनासेच झाले होते आणि मातीत रेषा ओढून व्यक्त होत. या कलेचा जगप्रवास शब्दांवाचून सुरू झाला, हा योगायोग असला तरी अर्थपूर्ण आहे.

आज आश्रमशाळेतील मुलगा वारली चित्र उत्तम काढतो. कलाशिक्षकाने त्याला त्रिकोण-वर्तुळांची मांडणी शिकविलेली असते, शाळेच्या भिंती त्याच्या हातांनी सजलेल्या असतात, जिल्हास्तरीय स्पर्धेत त्याला बक्षीसही मिळते. अभ्यासक याला परंपरेचे संवर्धन म्हणतात. या संज्ञेचा फेरविचार झाला पाहिजे. मुलगा जे शिकला ते त्याच्या आजीकडून शिकलेला नाही. ज्या आजीने डझनावारी लग्नांत चौक लिहिले ती पाड्यावर आहे आणि तिच्या नातवाला चौक शिकविणारा शिक्षक कदाचित कोल्हापूरचा किंवा लातूरचा आहे. मुलाला तारपा नाचणाऱ्यांचे गोल काढता येतात, चौकाच्या वेळचे गाणे त्याला एक ओळही येत नाही. तो चित्र 'काढतो', ती चौक 'लिहिते'. दोघे एकाच भिंतीपुढे उभे राहिले तरी दोघांची क्रियापदे निराळी आहेत. वारली चित्रकला जगात जेवढी ओळखीची झाली तेवढी ती घरात अनोळखी झाली, असे सरसकट विधान करणे योग्य होणार नाही. कारण या कलेने अनेक कुटुंबांना उत्पन्न व प्रतिष्ठा दिली आहे. परंतु आजीकडे जाण्याचे एक निमित्त या कलेने दिले असते, ते शाळेच्या कलातासाने काढून घेतले, एवढे निश्चित म्हणता येते.

प्रसंगांचे वेळापत्रक :

मौखिक परंपरेतील ज्ञान ठरावीक प्रसंगीच उच्चारले जाते, ही गोष्ट लोकसाहित्याच्या अभ्यासकांना नवी नाही. कणसरी ही धान्यदेवता. तिची कथा घांगळीच्या साथीने रात्रभर सांगितली जाते, ती नव्या धान्याच्या दिवसांत. तारपा वाजतो तो पिके तयार होऊ लागल्यापासून दिवाळीच्या आसपासपर्यंत. राब भाजणे, पेरणी, आवणी यांच्या वेळची कामे व त्यांची भाषा उन्हाळ्याच्या शेवटापासून श्रावणापर्यंतची. आता या पंचांगावर आश्रमशाळेचे पंचांग ठेवून पाहावे. जूनच्या मध्यापासून दिवाळीपर्यंत पहिले सत्र, दिवाळीनंतर उन्हाळ्यापर्यंत दुसरे. म्हणजे जेव्हा आजीच्या भाषेला बोलण्यासाठी काही असते तेव्हा नातू शाळेत असतो, आणि तो सुट्टीवर येतो तेव्हा शेत उघडे असते, आईबाप कित्येकदा भट्टीवरून परतलेले नसतात आणि आजीजवळ सांगण्यासारखे 'जेवलास का?' याहून फारसे उरत नाही. भाषा विसरली गेली, असे याचे निदान करणे चुकीचे आहे. ती ऐकण्याची वेळच आली नाही.

रानभाज्यांचे ज्ञान हे याचे आणखी एक उदाहरण. शेवळी मृगाच्या पहिल्या सरींनी उगवतात, म्हणजे शाळा उघडण्याच्या सुमारास. ती नुसती शिजविली तर घशाला खाजते, म्हणून तिच्यात काकडाची आंबट फळे घालावी लागतात. कडूकंद तर अनेकदा उकडून व वाहत्या पाण्यात ठेवून त्याचा कडवटपणा आणि विषारीपणा काढल्याशिवाय खाता येत नाही. हे ज्ञान वाक्यांत नसते, बाजूला उभे राहून पाहण्यात असते. १९९२-९३ मध्ये जव्हार तालुक्यातील वावर-वांगणी येथील बालमृत्यूंमुळे हा परिसर राज्यभर चर्चेत आला. तेव्हापासून कुपोषणाविषयी जे विपुल लेखन झाले त्यात आजी बहुधा 'अंधश्रद्ध वृद्धा' म्हणून येते, जी बाळाला दवाखान्याऐवजी भगताकडे नेते. ती तशीही असते. पण पावसाळ्यातील उपासमारीच्या महिन्यांत कोणता कंद कसा खाण्याजोगा करावयाचा हे जाणणारीही तीच असते आणि त्या लेखनात तिच्या या बाजूला फारशी जागा नाही.

याला एक अपवाद आहे आणि तो विचार करावयास लावतो. जव्हार-मोखाड्याचा बोहाडा, म्हणजे मुखवटे धारण करून निघणारी देवदेवतांची व पौराणिक पात्रांची सोंगे, अजूनही तरुणांच्या सहभागाने होतो. काही गावांत विशिष्ट सोंगाचा मान विशिष्ट घराकडे असतो, आजोबांनी नाचविलेला मुखवटा नातू नाचवितो. बोहाडा टिकला याचे श्रेय सामान्यतः श्रद्धेला दिले जाते. दोन साधी कारणेही आहेत. तो होळीनंतरच्या दिवसांत होतो, जेव्हा भट्टीवरची माणसे परतू लागतात आणि मुलांची सुट्टी जवळ आलेली किंवा सुरू झालेली असते. शिवाय त्यात संबळाच्या तालावर पावले टाकावयाची असतात, बोलावयाचे फारसे नसते. नातवाची तुटकी बोली मुखवट्याआड झाकली जाते.

तथापि वेळापत्रकाचे हे स्पष्टीकरण सर्वत्र पुरे पडत नाही, हेही मान्य केले पाहिजे. लग्नसराई उन्हाळ्यातच येते, मुले घरी असतात, तरीही धवलेरीची गाणी नव्या पिढीकडे गेलेली दिसत नाहीत. येथे कारण निराळे आहे. ती गाणी दीर्घ सहवासातून, एका स्त्रीने दुसरीच्या मागे बसून शिकावयाची असतात. एका मे महिन्यात ते होत नाही. त्यातच लग्नघरी आता ध्वनिक्षेपक आलेला आहे. त्याच्या आवाजात धवलेरी गात असली तरी ती ऐकू कोणाला येणार?

ग्रंथातील आजोबांची भाषा :

गोदावरी परुळेकर यांचे 'जेव्हा माणूस जागा होतो' (१९७०) हे पुस्तक या प्रदेशाविषयीच्या मराठी लेखनातील एक मानदंड आहे, त्याला १९७२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. २३ मे १९४५ रोजी झरी येथे भरलेली सभा, वेठबिगार व लग्नगडी या प्रथांविरुद्धचा लढा, १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाडा येथे झालेला गोळीबार व जेठ्या गांगड यांचे हौतात्म्य, हा इतिहास मराठी वाचकाला या पुस्तकामुळे आपला वाटला. लढा उंबरगाव-डहाणू भागात उभा राहिला, परंतु वारल्यांची सोयरीक तालुक्यांच्या सीमा मानत नाही. त्या पिढीच्या आठवणी जव्हारच्या पाड्यांवरही पोहोचलेल्या आहेत. आज सत्तरीत असलेल्या आजीने वेठीच्या गोष्टी आपल्या आईबापांकडून ऐकल्या, त्या बोलीत ऐकल्या.

परुळेकरांचे पुस्तक प्रमाण मराठीत आहे. ते तसे असणे त्यांच्या कार्यासाठी आवश्यकच होते. त्यांना शहरी वाचकाला हलवावयाचे होते आणि वारली माणूस हा भावना व विवेक असलेला माणूस आहे हे पटवावयाचे होते. त्यासाठी त्यांनी वारल्यांचे म्हणणे वाचकाच्या भाषेत आणले. यात एक किंमत चुकवावी लागली, जिची चर्चा मराठी समीक्षेने फारशी केलेली नाही. पुस्तकातील म्हातारा वारली काय म्हणाला हे वाचकाला कळते, तो कसा म्हणाला हे कळत नाही. म्हणजे हा वाचक आश्रमशाळेत शिकलेल्या नातवाच्याच जागी उभा असतो. फरक इतकाच की वाचकाला पुस्तकाबाहेर दुसरा मार्ग नव्हता आणि नातवाला होता. जव्हारमधील एखादा विद्यार्थी आपल्या पणजोबांच्या काळातील वेठीविषयी हे पुस्तक वाचून, ग्रंथालयातून माहिती मिळवितो आणि घरातील म्हातारीला त्याविषयी विचारत नाही. पुस्तकाचा यात दोष नाही, पण त्याची ही एक फलनिष्पत्ती आहे.

१९७९ मध्ये भद्रावती येथे भरलेल्या पहिल्या आदिवासी साहित्य संमेलनानंतर ही स्थिती बदलेल अशी अपेक्षा होती. वाहरू सोनवणे यांच्या 'गोधड' (१९८७) आणि भुजंग मेश्राम यांच्या 'उलगुलान' (१९९०) या संग्रहांनी बोलीला कवितेत आणले, प्रमाण मराठीच्या वाचकाला अडखळायला लावले. तथापि एकूण आदिवासी कवितेचा कल पूर्वजांकडे वळला की बिरसा, तंट्या, एकलव्य अशा प्रतीकांकडे जातो. चुलीपाशी बसून नातवाचे बोलणे न कळल्यामुळे गप्प राहणारी म्हातारी त्या मानाने क्वचित भेटते. लढ्याच्या कवितेत तिला काय काम, असा प्रश्न कोणी करील. पण नातू शाळेत जावा हे त्या लढ्याचेच फळ होते आणि ते तिने मनापासून इच्छिले होते. सावकाराच्या वहीत काय लिहिले आहे हे वाचता यावे म्हणून तिने नातवाला स्वतः शाळेत पोहोचविलेले असते. प्रमाण मराठी तिला शत्रू वाटत नाही. तिच्या दृष्टीने ती कोयत्यासारखी, घरात असावीच अशी वस्तू आहे. म्हणून बोली वाचविण्याचा आग्रह धरणाऱ्या शहरी अभ्यासकाने आपला पक्ष हा आजीचा पक्ष आहे असे समजू नये. आजीचा पक्ष याहून गुंतागुंतीचा आहे : नातवाला साहेबाशी साहेबाच्या भाषेत बोलता यावे आणि घरी आल्यावर त्याने आपल्याला 'तू' म्हणावे, अशा दोन्ही गोष्टी तिला हव्या आहेत. कोसबाडच्या टेकडीवर तारा मोडक आणि अनुताई वाघ यांनी शाळाच पाड्यावर, गुरे चारणाऱ्या मुलांच्या कुरणात नेली, तेव्हा या दोन गोष्टी काही काळ एकत्र नांदल्या होत्या. मूल शिकून संध्याकाळी घरीच परतत असे.

लोकसाहित्याची प्रकल्पवही :

हा विषय महाविद्यालयीन अध्यापकांपासून दूरचा नाही. जव्हार-मोखाडा परिसरातील महाविद्यालयांत कला शाखेच्या वर्गात बसणारा विद्यार्थी हाच तो नातू किंवा तीच ती नात आहे. मराठीच्या अभ्यासक्रमात लोकसाहित्य असते आणि त्यासाठी संकलनाचे प्रकल्प दिले जातात. विद्यार्थी सुट्टीत घरी जातो, भ्रमणध्वनीवर आजीचे गाणे ध्वनिमुद्रित करतो. कित्येकदा आयुष्यात प्रथमच त्याने तिला गाण्यास सांगितलेले असते. या एका गोष्टीसाठी तरी अभ्यासक्रमाचे आभार मानावयास हवेत. पुढे तो ते गाणे वहीत उतरवितो. उतरविताना 'तू' चे 'तुम्ही' होते, 'डोकरी' ची 'म्हातारी' होते, न कळलेल्या ओळी गाळल्या जातात आणि शेवटी देवनागरी लेखनाचे नियम पाळून ते गाणे शुद्ध केले जाते. कारण लेखनातील चुकांसाठी गुण कापले जातील अशी त्याला भीती असते आणि ती बहुधा खरी ठरते. ज्या ओळी त्याला कळल्या नाहीत त्यांविषयी त्याने आजीला पुन्हा विचारले का, असा प्रश्न तोंडी परीक्षेत विचारला जात नाही.

प्रकल्पवहीच्या शेवटी निवेदकाची माहिती असते. तिच्यासाठी ठरलेले रकाने आहेत : नाव, वय, लिंग, जमात, गाव, शिक्षण, व्यवसाय. शिक्षणाच्या रकान्यात 'निरक्षर' लिहिले जाते, व्यवसायाच्या रकान्यात 'शेतमजूर'. नाव संपूर्ण, शिधापत्रिकेवर असते तसे. निवेदक ही संकलकाची कोण, हे लिहिण्यासाठी त्या तक्त्यात रकाना नाही.